चार नंबरची गाडी

१२ ऑगस्ट

प्रिय वहिनी,

फोनवर नीट बोलता येत नाही म्हणून लिहायला बसले. इकडे दादा कायम समोर असतो, आणि तिकडे तू रेंजसाठी गच्चीवर चढतेस तोवर खालून तुझ्या वडिलांची हाक येते. त्यांच्या कमरेचं कसं आहे? कूस बदलताना फार दुखतं म्हणालीस, ते थोडं कमी झालं का? तू तिकडे गेल्यापासून घर कसं चाललंय ते विचारू नकोस. चाललंय.

शाळेचं सांगते. आमच्या दोन ड्रायव्हरांनी एकाच आठवड्यात नोकरी सोडली. मालवाहतुकीच्या कंपनीत गेले. तिथे म्हणे खोकी ओकत नाहीत आणि खोक्यांच्या आया फोन करत नाहीत. त्यामुळे आमच्या बाजूच्या तीन गाड्यांचे रस्ते दोन गाड्यांत कोंबलेत. दादाच्या चार नंबरच्या गाडीत आता दोघांच्या बाकावर तिघं बसतात आणि मोठी पोरं उभी राहतात. मी मदतनीस म्हणून चढते खरी, पण मागपर्यंत जायला वाटच नसते. दप्तरांवरून पाय टाकत, एकाला गप्प करत, दुसरीचा पट्टा लावत जाते. पुढे पोचेपर्यंत मागे कोणीतरी कोणाचा तरी डबा उघडलेला असतो.

वाहतुकीचे साहेब रोज सकाळी फाटकात उभे असतात. काहीही सांगितलं तरी म्हणतात, "करू, बघू." म्हणून आम्ही त्यांचं नावच 'करूबघू' ठेवलंय. परवा मी म्हटलं, साहेब, पोरं उभी राहतात, ब्रेक लागला तर पडतील. ते म्हणाले, "ड्रायव्हरांची जाहिरात दिलीय. करू, बघू."

पुढच्या बाकावर पहिलीतली एक मुलगी बसते, तिला आम्ही रेडिओ म्हणतो. चढल्यापासून उतरेपर्यंत बंद होत नाही. दादाला रोज विचारते, "काका, तुमचं घर गाडीतच आहे का?" खोटं नाही. अंधारात निघतो, अंधारात येतो. मधल्या वेळात गाडी उभी दिसली की करूबघू त्याला कुठेतरी सामान आणायला पिटाळतात.

दादा ठीक आहे. हल्ली जिथे दोन मिनिटं थांबायला मिळेल तिथे खाली उतरतो, गाडीला एक फेरी मारतो आणि पुन्हा चढतो. बाकी काही नाही. तू काळजी करू नकोस.

तुझी नणंद
(आणि कृपा करून मला 'वन्सं' लिहू नकोस. आरशात बघितल्यावर पांढरे केस मोजावेसे वाटतात.)

२१ ऑगस्ट

वन्सं,

सवय जात नाही, आणि खरं सांगायचं तर तुम्हाला चिडवण्याएवढीच करमणूक मला इथे उरली आहे.

बाबांचं तसंच आहे. सकाळी अंग पुसायचं, कूस बदलायची, भरवायचं, पुन्हा कूस बदलायची. बोलणं गेल्यात जमा आहे. हाक मारतात म्हणजे नुसता आवाज काढतात. भाऊ रविवारी येतो, फळं ठेवतो, "तुझ्यामुळे निभावतंय" म्हणतो आणि जातो. मी त्या फळांकडे बघत बसते.

ह्यांचा फोन येतो. कसं आहे विचारलं की "झकास" म्हणतात. लग्नाला इतकी वर्षं झाली, हे 'झकास' म्हणाले की मी ओळखते, काहीतरी बिघडलंय. पाठीत उसण भरली होती तेव्हाही झकासच होतं.

तुम्ही लिहिलंत की हे थांब्यावर उतरतात. का उतरतात? हा माणूस एकदा गाडीत बसला की देव आला तरी खाली उतरायचा नाही. गुडघा धरलाय का? मला वाटतं गुडघाच. त्यांच्या आईचाही असाच गेला होता. कपाटात खालच्या कप्प्यात मलम आहे, लावायला सांगा. सांगितल्यावर "काही झालेलं नाही" म्हणतील, तेव्हा तुम्हीच समोर बसून लावून घ्या.

तुमची वहिनी

४ सप्टेंबर

प्रिय वहिनी,

गुडघा नाही. मलम घेऊन गेले तर मलाच हसला. मग मी नीट लक्ष ठेवलं. तो उतरतो, बाटलीतलं पाणी तोंडावर मारतो, मान झटकतो आणि चढतो. "उकडतंय" म्हणाला. सकाळी धुकं असतं गं इथे. पोरं स्वेटर घालून येतात.

त्याला दमायला कारणंही आहेत. दगडखाणीजवळच्या वस्तीचा थांबा शाळेने बंद केला. तिथल्या पोरांनी मोठ्या रस्त्यापर्यंत चालत यायचं, असं ठरलं. त्या रस्त्यावर खाणीचे ट्रक कसे येतात ते तू बघितलं आहेस. पहिल्या दिवशी ती पोरं आमच्यापर्यंत पोचली तेव्हा भुवयांवरसुद्धा पांढरी धूळ होती. दुसऱ्या दिवसापासून दादा गाडी सरळ वस्तीत नेतो. कोणाला विचारलं नाही, कोणाला सांगितलं नाही. त्यासाठी घरून आणखी लवकर निघतो, आणि तरीही पुढच्या सगळ्या थांब्यांवर उशीर होतो.

शनिवारी पालकांची सभा झाली. एक बाई दवाखान्यात नर्स आहेत. त्या शांतपणे म्हणाल्या, "गाडी उशिरा येते म्हणून माझी ड्युटी रोज बुडते. मी कोणाला सांगू?" त्यांचं बरोबर होतं. पण एक गृहस्थ उठले आणि दादाकडे बोट करून म्हणाले, "हा माणूस मध्येच गाडी थांबवून हवा खात असतो, मी स्वतः पाहिलंय." करूबघूंनी दादाकडे पाहिलं. वस्तीचा थांबा सांगितला असता तर विषय मिटला असता, पण मग तो थांबाच पुन्हा बंद झाला असता. दादा म्हणाला, "चूक झाली. लवकर येत जाईन." आणि खाली बसला. मला इतका राग आला की घरी येईपर्यंत त्याच्याशी बोलले नाही. त्याच्या ते लक्षातही आलं नाही. जेवताना हातात घास धरून तसाच बसला होता.

झोपतो मात्र भरपूर. पडला की घोरतो. तेवढं समाधान.

तुझी नणंद

१३ सप्टेंबर

वन्सं,

तुमचं पत्र दोनदा वाचलं. शेवटची ओळ जास्त वेळा.

ते घोरतात, मग मध्येच घोरणं थांबतं, सगळं चिडीचूप होतं आणि मग बुडालेला माणूस पाण्याबाहेर यावा तसे मोठा श्वास घेतात. हो ना? भिंतीपलीकडून तुम्हाला नुसतं घोरणं ऐकू येत असेल. मी इतकी वर्षं शेजारी झोपले. ते चिडीचूप झालं की मी कोपराने ढोसायचे, हे कुशीवर वळायचे आणि श्वास सुरू व्हायचा. मला वाटायचं, नवऱ्याची खोड असते एकेकाच्या. झोपेतच हात जायचा माझा. आता ढोसणारं कोणी नाही.

बाबांना तपासायला नर्स येते, तिला मी सहज विचारलं. ती सहज घेईना. म्हणाली, अशा माणसाची झोप होतच नाही, रात्रभर तो श्वासासाठी झगडत असतो आणि दिवसा बसल्याजागी पेंगतो. मग म्हणाली, "काय काम करतात?" मी सांगितलं. ती हातातलं काम सोडून माझ्याकडे बघत राहिली.

त्यांना डॉक्टरकडे न्या. मी फोनवर सांगितलं तर "सुट्टी मिळाली की जातो, झकास आहे सगळं" म्हणाले. तुम्ही न्या. बाबांना सोडून मला निघता येत नाही. भावाला विचारलं, तो म्हणाला महिनाअखेरीला बघतो. बघू म्हणणारे सगळीकडे आहेत.

तुमची वहिनी

३ ऑक्टोबर

प्रिय वहिनी,

तुझं पत्र मिळाल्यावर मी दादाच्या मागे लागले होते. सुट्टी मागितली. करूबघू म्हणाले, "बदली ड्रायव्हर मिळाला की लगेच." तो मिळाला नाही.

परवा दुपारी पोरांना सोडायला निघालो होतो. गाडी खच्चून भरलेली. पोरं गाणं म्हणत होती. मी मागे होते, एकाला उलटी झाली होती ती पुसत होते. गोदामाच्या लांब भिंतीजवळ उतार आहे ना, तिथे सहज वर पाहिलं. पुढच्या आरशात कायम दादाचं डोकं दिसतं. ते दिसलं नाही.

मी ओरडले. काय ओरडले ते आठवत नाही, 'दादा' म्हटलं की नुसतीच किंचाळले. गाडी भिंतीला घासत गेली, खिडक्यांच्या बाजूने असा आवाज आला की मी तो लिहू शकत नाही. मग रस्त्याच्या कामासाठी टाकलेल्या खडीच्या ढिगात गाडी रुतली आणि थांबली. ढीग नसता तर पुढे चौक होता.

सगळी पोरं जिवंत आहेत, हे मी आधी लिहायला हवं होतं. सातवीतली एक मुलगी उभी होती, ती पडून तिचा हात मोडला. रेडिओचा ओठ फाटला. बाकीच्यांना खरचटलं, मुका मार लागला. मी एकेकाला खाली उतरवून भिंतीशी बसवलं, पुन्हा पुन्हा मोजलं, आणि दर वेळी आकडा चुकत होता.

लोक जमले, करूबघू आले. दादा म्हणाला, "कुत्रं आडवं आलं. वाचवायला गेलो." सगळ्यांनी मान डोलावली. एकाने त्याला पाणी दिलं. मोडलेल्या हाताच्या मुलीचे वडील, तेच सभेतले गृहस्थ, त्यांनी दादाच्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाले, "तुम्ही भिंतीकडे वळवली म्हणून निभावलं." वहिनी, तेव्हा दादाचा चेहरा बघायला हवा होतास. शिव्या दिल्या असत्या तर त्याला सोसलं असतं.

रेडिओला मी मांडीवर घेतलं होतं. ओठावर रुमाल धरून ती माझ्या कानात म्हणाली, "मावशी, काका झोपले होते ना?" मी म्हटलं, बोलू नकोस बाळ, रक्त येईल.

आता शाळेला माझा जबाब हवाय. कुत्रं दिसलं का, एवढंच विचारणार आहेत. दोनचार दिवसांत दादाला दुसरी गाडी देणार म्हणे, कारण चालवायला कोणी नाही. मी काय करू? लगेच लिही.

तुझी नणंद

६ ऑक्टोबर

वन्सं,

काही बोलू नका. मी येते. दोनतीन दिवसांत काहीतरी सोय लावून येते, मग घरातलं घरात बघू. एकदा त्यांचा परवाना गेला की ह्या वयात त्यांना कोण उभं करणार? गाडीशिवाय त्यांना दुसरं काही येत नाही. पोरं वाचली आहेत. कुत्रं तर कुत्रं. तोंड बंद ठेवा, तुमच्या पाया पडते.

वहिनी

९ ऑक्टोबर

प्रिय वहिनी,

तुझं पत्र मिळालं तेव्हा उशीर झाला होता. पण खोटं कशाला सांगू, वेळेत मिळालं असतं तरी मी ऐकलं नसतं.

परवा सकाळी आवारात दुसरी गाडी काढली होती. दादा आत बसून आरसा नीट करत होता. मी दारापाशी गेले आणि चढले नाही. मदतनीस चढल्याशिवाय गाडी सोडायची नाही हा नियम आहे, आणि आमच्याकडे तेवढा एकच नियम अजून पाळतात.

"चल," तो म्हणाला.

"तू उतर. मग मी चढते."

"सकाळी सकाळी काय वेडेपणा आहे? पोरं थांब्यावर उभी असतील."

"कुत्रं कोणत्या रंगाचं होतं रे, दादा?"

त्याने स्टिअरिंगवरचे हात काढले नाहीत. म्हणाला, "तुला माहितीये ना मी कधी..." आणि थांबला.

मी म्हटलं, "मला माहितीये. तू कधीच नाही. इतक्या वर्षांत कधीच नाही. म्हणून म्हणते, उतर."

"दोघांचंही पोट ह्याच्यावर आहे."

"आहे."

तेवढ्यात करूबघू धावत आले. उशीर होतोय, गाडी काढा, भांडण संध्याकाळी करा. दादा खाली उतरला. किल्ली त्यांच्या हातात दिली आणि म्हणाला, "कुत्रं नव्हतं, साहेब. माझा डोळा लागला होता." मग तिथल्याच पायरीवर बसला. करूबघूंच्या तोंडून ना करू निघालं ना बघू.

त्या दिवशी चार नंबरच्या रस्त्यावर गाडी गेली नाही. थांब्याथांब्यांवर पोरं उभी, आयांचे फोन. माझा फोन दिवसभर वाजत होता. कोणी म्हणालं, तुम्ही आधीच का नाही बोललात. कोणी म्हणालं, आता कशाला बोललात. दोन्ही प्रश्न बरोबर होते.

दादा माझ्याशी बोलत नाही. जेवायला वाढलं की जेवतो. ताट धुऊन ठेवतो. तूही बोलायची नसशील तर निदान येण्याची गडबड करू नकोस. आता लपवायला काही उरलं नाही.

नणंद

१९ ऑक्टोबर

वन्सं,

तुमचं पत्र वाचलं आणि घडी करून ठेवून दिलं. बरेच दिवस उत्तर द्यायची इच्छा झाली नाही. मनात म्हटलं, सख्खी बहीण, आणि साहेबांसमोर, सगळ्या आवारासमोर भावाला गाडीतून उतरवते. तुमच्याबद्दल आणखीही बरंच मनात म्हटलं, ते लिहीत नाही.

काल बाबांची कूस बदलताना माझेच डोळे मिटले. उभ्या उभ्या. त्यांचा सगळा भार माझ्या हातावर होता आणि मी क्षणभर नव्हतेच. ते ओरडले म्हणून जाग आली. पलंगाच्या कडेला आले होते.

ह्यांना इकडे पाठवून द्या. तपासण्या होऊ देत, मग पाठवा. परवाना नाही तर नाही. मला इथे दोन हात हवे आहेत.

वहिनी

३ नोव्हेंबर

प्रिय वहिनी,

दादा उद्या निघतोय. सभेत बोलल्या होत्या त्या नर्सबाईंनीच मोठ्या दवाखान्यात ओळखीने तपासणी करून दिली. एक रात्र तिथे झोपवलं, अंगाला वायरी लावून. डॉक्टर म्हणाले, ह्या माणसाला गाढ झोप म्हणजे काय ते कित्येक वर्षं माहीतच नसेल. नाकावर लावायचं यंत्र दिलंय, ते पिशवीत वर ठेवलंय, दाबू नकोस. परवाना सध्या जमा आहे. पुढचं डॉक्टर सांगतील तेव्हा.

शाळेचं विचारशील तर, पालकांनी एक दिवस फाटकात ठिय्या दिला. मोडलेल्या हाताच्या मुलीचे वडील सगळ्यांत पुढे. मला वाटलं दादाच्या नावाने ओरडतील. ते म्हणाले, "ज्याला झोपायला वेळ नाही त्याच्या हातात आमची पोरं तुम्ही दिलीत." करूबघूंना घाम फुटला. एवढं होऊन मिळालं काय, तर तिसरी गाडी सुरू झाली, पण फक्त सकाळची. दुपारी पुन्हा तीच कोंबाकोंबी. वस्तीची पोरं सकाळी गाडीने येतात आणि दुपारी ट्रकांच्या धुळीतून चालत जातात. मी सांगितलं. उत्तर तुला पाठ आहे.

नवीन ड्रायव्हर तरुण आहे, नीट चालवतो. पण मी आता मागे जातच नाही. दारापाशी उभी राहून त्याच्या डोळ्यांकडे बघत असते. तो परवा वैतागला, "मावशी, मी काय चोर आहे का?" त्याला काय सांगू. रेडिओचा ओठ भरलाय. सुरू झालीय पुन्हा.

निघायची तयारी करतानाही दादा माझ्याशी तुटकच बोलला. "यंत्राची वायर कुठे आहे," एवढंच.

तुझी नणंद

१६ नोव्हेंबर

वन्सं,

हे पोचले त्याच दिवशी लिहायचं होतं, पण त्या दिवशी मी झोपले. दुपारी जी पडले ती दिवेलागणीलाच उठले. उठून बघते तर बाबांचं अंग पुसून झालेलं, चादर बदललेली, आणि हे स्वयंपाकघरात चहाची पूड शोधत होते. मला कोणी उठवलं नाही ह्याचंच रडू आलं.

बाबांना हे एकट्याने अलगद उचलतात. यंत्र लावून झोपतात. सुरुवातीला त्या घरघरीने मला झोप येईना. आता येते. सकाळी उठल्यावर ह्यांचा चेहरा वेगळाच दिसतो, ओळखीचा आणि जुना, लग्नातल्यासारखा.

तुमच्याविषयी बोलत नाहीत. मी एकदा विषय काढला तर उठून बाहेर गेले. ते तुमच्यावर रागावलेले आहेत, आणि मी सांगितलं म्हणून तो राग जाणार नाही. मीही अजून पूर्ण निवळलेले नाही, खोटं कशाला बोलू. पण एक गोष्ट तुम्हाला सांगितलीच पाहिजे. ती मी चोरून ऐकली आहे.

दुपारी हे बाबांजवळ बसतात. बाबांना बोलता येत नाही, किती कळतं तेही ठाऊक नाही. कदाचित म्हणूनच, काल मी दाराआड कपडे घड्या करत होते तेव्हा हे त्यांना हळू आवाजात सगळं सांगत होते. सभा, वस्ती, उतार, भिंत. तुमचंही आलं. म्हणाले, "बहिणीने उतरवलं. पायरीवर बसलो तेव्हा लाजेने मेलो होतो, पण पाय इतके हलके कधीच वाटले नव्हते." बाबांची चादर वर ओढली. मला वाटलं संपलं.

मग म्हणाले, "बाबा, डोळा लागला ना, तेव्हा फार बरं वाटलं हो. त्याचीच भीती वाटते मला. गाडी भरलेली होती, पोरं मागे गात होती आणि मला स्वप्न पडलं. दोन क्षणांचं असेल. की सगळ्यांना सोडून झालंय. एकेकाला दारात आई भेटलीय. गाडी रिकामी झालीय, आणि आता मी झोपलो तरी चालेल."

बाबांनी हात उचलून त्यांच्या मनगटावर ठेवला. मी आत गेले नाही.

तुमची वहिनी